येळवणी : सणाच्या आमटीचा पाया

पुरणासाठी शिजवलेल्या हरभऱ्याच्या डाळीचे निथळलेले पाणी म्हणजे येळवणी, अर्थात कट. जपानी स्वयंपाकात कोम्बू हे समुद्रशैवाल आणि वाळवलेल्या माशाचे काप यांच्या 'दाशी'ला जे स्थान आहे, तेच छत्रपती संभाजीनगर (औरंगाबाद) परिसरात होळी-पोळ्याच्या आमटीत येळवणीला आहे.

१ वाटी डाळ २ तास भिजवून ५ वाट्या पाण्यात, उघड्या पातेल्यात शिजवावी. वर येणारा फेस काढावा. डाळ बोटाने दाबताच मोडेल, पण पाण्यात विरघळणार नाही, अशा वेळी चाळणीवर उपसावी. खाली उरलेला कट फोडणीला घालून त्यात भाजलेले खोबरे, काळा मसाला, चिंच, गूळ व मीठ घालावे आणि उकळी आणावी.

कुकरमध्ये मोजक्या पाण्यात शिजवलेल्या डाळीला कट उरत नाही. मग आमटी साध्या पाण्यावरच भागवावी लागते आणि डाळीची मूळ चव तिच्यात उतरत नाही.