नादाची आणि प्रकाशाची मूस

सूर्याचें तेज संज्ञेला सोसवेना, तेव्हां तिचा पिता विश्वकर्मा यानें सूर्याला चरकावर चढवून त्याचें कांहीं तेज तासून काढलें, ही कथा आपणांपैकीं पुष्कळांनीं आजीच्या तोंडून ऐकली असेल. विष्णुपुराण पुढें सांगतें कीं, त्या तासलेल्या तेजापासूनच विष्णूचें चक्र, शंकराचा त्रिशूळ आणि कार्तिकेयाची शक्ति हीं आयुधें निर्माण झालीं. प्रकाशापासून वस्तु घडविणारी शाळा केवळ कविकल्पनेंतच असावयाची, असें आपण म्हणूं. परंतु नाद आणि प्रकाश यांना हातानें वळण देणारे कारागीर आपल्या देशांत खरोखरच आहेत, आणि त्यांचा इतिहास त्या कथेहून कमी नवलाचा नाहीं. त्यांच्या दोन गांवीं आज आपल्याला जावयाचें आहे.

पहिलें गांव आपल्या घरचेंच, मिरज. १८१८ सालीं पेशवाई बुडाली. लढाया थांबल्या आणि शस्त्रें घडविणाऱ्या, तलवारींना धार लावणाऱ्या शिकलगारांचा धंदा मंदावला. मिरजेचे पटवर्धन संस्थानिक गाण्याचे शौकीन. त्यांच्याकडे उत्तरेंतून गवई व बीनकार येत. त्यांचीं वाद्यें प्रवासांत नादुरुस्त होत, आणि दुरुस्तीला जवळ कोणी नसे. शिकलगारांपैकीं फरीदसाहेब यांनीं हें काम हातीं घेतलें, आणि १८५० च्या सुमारास मिरजेंत नवे तंबोरे व सतारी होऊं लागल्या, असें तेथील परंपरा सांगते. पुराणांत तेजाचीं शस्त्रें झालीं. मिरजेंत शस्त्रें करणारे हात नादाकडे वळले.

तंबोरा होतो कसा? पंढरपूर-मंगळवेढें भागांतला मोठा कडू भोपळा वाळवून, कापून, भिजवून त्याला हवा तो घाट देतात. वरचा दांडा व तबली लांकडाची करितात. येथवर झालें तें सुतारकाम. खरी विद्या पुढें, जवारींत. घोडीचा माथा कानशीनें असा घासावयाचा कीं, तार एकाच बिंदूवर न टेकतां किंचित् उतरत्या पृष्ठभागाला स्पर्श करीत राहील. मग तारेखालीं सुताचा धागा सरकवीत, कान देऊन बसावयाचें. धागा केसभर हलला कीं मुकी वाटणारी तार एकाएकीं बोलूं लागते. हें माप कोणत्याही पट्टीवर कोरलेलें नाहीं; तें कारागिराच्या कानांत आहे.

१९२१ सालीं चंद्रशेखर वेंकट रामन यांनीं या घोडीचा अभ्यास प्रसिद्ध केला. तार ज्या बिंदूवर छेडावी, तेथें ज्या उपस्वरांचा स्थिर बिंदु येतो, ते उपस्वर उमटूं नयेत, असा यंग व हेल्महोल्ट्झ यांचा नियम. तंबोऱ्यांत आणि वीणेंत मात्र ते स्पष्ट ऐकूं येतात, असें रामन यांना आढळलें. युरोपांतील पंडितांच्या नियमाला अपवाद ठरणारी ही घोडी अनामिक कारागिरांनीं पिढ्यान् पिढ्या घासून सिद्ध केली होती.

दुसरें गांव केरळांतील, पंपा नदीच्या तीरावरचें आरन्मुळा. तेथील आरसा कांचेचा नसतो, धातूचा असतो. तांबें आणि कथील यांचा रस मातीच्या साच्यांत ओततात, आणि निघालेली चकती कापडानें व तेलानें कित्येक दिवस घासतात. शास्त्रज्ञांनीं तपासलें तेव्हां तींत कथिलाचें प्रमाण शेंकडा ३३ च्या जवळपास आढळलें. नेहमींच्या कांशांत तें याहून बरेंच कमी असतें. इतक्या कथिलानें धातु रुप्यासारखा पांढरा होतो, पण कांचेसारखा ठिसूळही होतो. घासतांना तडा गेला कीं सारे श्रम वायां. आपल्या घरच्या आरशावर बोट टेकवून पाहा. बोट आणि प्रतिबिंब यांमध्यें बारीक फट दिसेल, कारण प्रकाश कांचेमागच्या थरावरून परततो. आरन्मुळ्याच्या आरशांत ती फट नाहीं. तेथें प्रकाश पृष्ठभागावरूनच माघारीं वळतो.

या दोन्ही गांवांची विद्या कागदावर नाहीं, घराण्यांत आहे. आरन्मुळ्याचें मिश्रण मोजक्या कुटुंबांनीं गुप्त राखलें. ज्या विद्येवर पोट चालतें ती जपण्याचा त्यांचा हक्क कोण नाकारील? परंतु अशा विद्येला एक भय नेहमींच चिकटलेलें असतें. २०१८ च्या महापुरांत पंपेचें पाणी तेथील कार्यशाळांत शिरलें. साचे, माती व तयार माल यांची नासाडी झाली. तरी आरसे पुन्हां होऊं लागले, कारण ते करणारे हात वांचले होते.

आरन्मुळ्याच्या आरशाला भौगोलिक चिन्हांकन पूर्वींच मिळालें आहे. मिरजेच्या सतारीला व तंबोऱ्याला तें २०२४ सालीं मिळालें. ही आनंदाचीच गोष्ट. मात्र अशा चिन्हानें नांव सुरक्षित होतें, विद्या नव्हे. विजेवर चालणारे तंबोरे आतां सर्वत्र मिळतात. ते सोयीचे आहेत, पण जवारी लावणारा एकही शिष्य ते तयार करीत नाहींत. त्यासाठीं एखाद्या मुलानें कानस हातीं घेऊन वर्षानुवर्षें वडीलधाऱ्यांपाशीं बसावें लागतें, आणि त्या बसण्यांतून त्याचें पोट भरावें लागतें.

तेव्हां श्रोतेहो, पुढच्या मैफलींत गवयाचा षड्ज लागण्यापूर्वीं क्षणभर मागच्या तंबोऱ्याकडे कान द्या. तो नाद ज्यांनीं घासून काढला त्यांचें नांव कार्यक्रमपत्रिकेवर नसतें. तें विचारणारे रसिक असतील, तर विश्वकर्म्याची शाळा कांहीं काळ तरी चालू राहील.