ट्रॅक्टरचा अचूक सुटा भाग कसा ओळखावा? इलेक्ट्रॉनिक पार्ट कॅटलॉगचा वापर

पेरणीच्या तोंडावर ट्रॅक्टर बंद पडतो. मॉडेलचे नाव सांगून भाग मागवला जातो, तो बसत नाही आणि तोवर वाफसा निघून जातो. चूक बहुतेक वेळा दुकानदाराची नसते. मॉडेलचे नाव तेच ठेवून कंपनी मधल्या काळात पंप, क्लच प्लेट किंवा फिल्टर बदलत असते. म्हणून भाग मागताना नाव नव्हे, ट्रॅक्टरचा अनुक्रमांक सांगावा.

हा क्रमांक चेसिसवरील पाटीवर असतो. पाटीवरची माती व ग्रीस पुसून मोबाइलवर फोटो काढावा. पुण्याजवळ सणसवाडीत बनणाऱ्या जॉन डिअर ट्रॅक्टरवर १७ अक्षर-अंकांचा क्रमांक असतो. अशा क्रमांकात ओ, आय आणि क्यू ही इंग्रजी अक्षरे वापरत नाहीत. त्यामुळे गोल दिसते ते शून्य आणि उभी रेघ म्हणजे एक समजावा. इंजिनाचा क्रमांक इंजिनावरूनच घ्यावा, आरसी बुकावरून नको. जुना ट्रॅक्टर घेतला असेल तर इंजिन बदललेले असू शकते आणि ते कॅटलॉगला कळणार नाही.

जॉन डिअरचा कॅटलॉग इंटरनेटवर कोणालाही पाहता येतो. काही कंपन्यांचा फक्त डीलरकडे असतो. मॉडेल निवडून इंजिन, क्लच, हायड्रॉलिक असा विभाग उघडला की सुटे केलेले चित्र दिसते. चित्रातील आकडा हा पार्ट नंबर नव्हे, तो फक्त खालच्या तक्त्यातील ओळ दाखवतो. तक्त्यात पार्ट नंबर, नग आणि शेरा असतो. खरी मेख शेऱ्यात असते. ‘या अनुक्रमांकापर्यंत’ आणि ‘या अनुक्रमांकापासून’ अशा दोन ओळी असतील तर आपला क्रमांक कुठे बसतो ते पाहावे. डावे-उजवे चालकाच्या आसनावर बसून, तोंड पुढे करून ठरवतात. जुना नंबर बंद होऊन नवा आला असेल तर कॅटलॉग तसे दाखवतो. तो भाग बिनधास्त घ्यावा.

जुन्या भागावर कोरलेला आकडा आंधळेपणाने सांगू नये. तो अनेकदा ओतकामाचा नंबर असतो.

बेअरिंगचे मात्र वेगळे. ६२०५ म्हणजे आतला व्यास २५, बाहेरचा ५२ आणि रुंदी १५ मि.मी.; कंपनी कोणतीही असो. ऑइल सीलवरही सहसा मापे लिहिलेली असतात. असे भाग पुण्याच्या नाना पेठेतील सुट्या भागांच्या बाजारात मापावरून मिळतात, त्यासाठी कॅटलॉग उघडायची गरज नाही. लिफ्ट पंप, इंजेक्टर किंवा सेन्सर घेताना मात्र नंबर जुळवूनच पैसे द्यावेत. विजेचे भाग बरेच दुकानदार परत घेत नाहीत.

बिलावर पार्ट नंबर लिहून घ्यावा व बिलाचा फोटो पाटीच्या फोटोशेजारी ठेवावा.