सुपरबॉइज ऑफ मालेगाव

सुपरबॉइज ऑफ मालेगाव : हिंदी कथापट. दिग्दर्शन रीमा कागती, लेखन वरुण ग्रोव्हर. पहिला खेळ सप्टेंबर 2024 मध्ये टोरांटो महोत्सवात झाला आणि 28 फेब्रुवारी 2025 रोजी तो भारतात प्रदर्शित झाला. मालेगावचे हौशी चित्रपटकार नासिर शेख आणि त्यांच्या मित्रांची ही कथा. याच मंडळींवर फैजा अहमद खान यांनी ‘सुपरमेन ऑफ मालेगाव’ (2008) हा माहितीपट केला होता. कथापट हा त्याचा रूढ अर्थाने उत्तरभाग नव्हे. तरीही दोन्ही लागोपाठ पाहिले, की तीच माणसे थकलेली आणि दुखावलेली भेटतात.

मालेगाव आज नाशिक जिल्ह्यात आहे, पण 1869 पर्यंत ते खानदेशात मोडे. गाव यंत्रमागांचे. आठवडाभर मागावर राबायचे आणि शुक्रवारी माग बंद असले, की सिनेमाला गर्दी करायची, हा कामगारांचा शिरस्ता. व्हिडिओ पार्लर चालवणाऱ्या नासिर यांनी याच प्रेक्षकांसाठी ‘मालेगाव के शोले’ काढला. नट गावातले, भांडवल तुटपुंजे.

माहितीपटात ‘मालेगाव का सुपरमॅन’ची जुळवाजुळव आहे. नायक शफीक शेख मागावरचा कामगार. त्याच्या लग्नामुळे चित्रण थांबते, तेव्हाही सगळे हसत असतात. लेखक फरोग जाफरी मात्र मुंबईची वाट पाहत वर्षे गेल्याचे सांगतो. ती सल तिथे ओझरती येते.

कथापट तिथेच रेंगाळतो. 1997 पासून सुरू होणारी ही कथा पुढे तेरा-चौदा वर्षांचा पल्ला गाठते. पहिल्या यशानंतर श्रेय आणि पैसा यांवरून मैत्री उसवते. फरोग मुंबईत जातो आणि निराश होऊन परततो. शफीकला मागावाचून गत्यंतर नसते. पुढे शफीकला कर्करोग झाल्याचे कळते आणि पांगलेले मित्र त्याला नायक करण्यासाठी पुन्हा एकत्र येतात. वास्तवातला क्रम इथे बदलला आहे, पण त्या बदलामुळेच चित्रपटाचे म्हणणे ठसते: हौस मागाच्या पाळ्यांतून वेळ चोरून जोपासलेली होती आणि तिची किंमत प्रत्येकाने वेगळी मोजली. आदर्श गौरव, विनीत कुमार सिंह आणि शशांक अरोरा यांनी हे थकलेपण संयमाने उभे केले आहे.

माहितीपटातल्या सुपरमॅनची लढाई तंबाखूच्या धंदेवाल्याशी होती. खऱ्या शफीक शेख यांचे 2011 मध्ये तोंडाच्या कर्करोगाने निधन झाले. माहितीपट भारतातील चित्रपटगृहांत लागला तो जून 2012 मध्ये.