चंद्रकांत मणी: चांदण्यात पाझरणाऱ्या दगडाचा मागोवा

चांदणं पडलं की पाझर फुटतो, असा दगड खरा नाही. तरीही कवींनी, वैद्यांनी, रत्नपरीक्षकांनी आणि रसशास्त्राच्या जाणकारांनी शेकडो वर्षं चंद्रकांत मणी असतोच असं धरून लिहिलं. वराहमिहिराच्या बृहत्संहितेतल्या रत्नांच्या यादीत तो शशिकांत म्हणून येतो. रसरत्नसमुच्चयात पारा बांधणाऱ्या मण्यांमध्ये त्याला मानाची जागा आहे. ही सगळी भाबडी माणसं होती असं म्हणून पुढे जाणं मला पटत नाही. हा मणी कल्पनेतला असला, तरी त्याच्यामागचा तर्क भक्कम होता.

त्या तर्काचं मूळ सूर्यकांतात, म्हणजे उन्हातून अग्नी देणाऱ्या मण्यात आहे, आणि सूर्यकांत खरा आहे. यास्काच्या निरुक्तात, म्हणजे इसवी सनापूर्वीच्या ग्रंथात, वैश्वानर अग्नी कोणता याची चर्चा चालू असताना मध्येच एक प्रयोग येतो. कांस्य किंवा मणी घासून लख्ख करायचा, तो उन्हात धरायचा आणि समोर सुकं शेण ठेवायचं. शेणाला त्याचा स्पर्श होऊ द्यायचा नाही. शेण पेटतं. स्पर्श नको, ही अट वाचताना मी थबकतो. अग्नी घर्षणातून आला नाही, उन्हातून आला, हे सिद्ध करायला नेमकी हीच अट लागते. स्फटिकाचं भिंग हातात असलेल्या कुणालाही हा पडताळा घेता येत होता.

दुसरा भाऊ अयस्कांत, म्हणजे लोहचुंबक. तोही खरा. सुश्रुताने शरीरात रुतलेलं शल्य काढण्याच्या उपायांत त्याला घेतलं आहे आणि तो कधी वापरावा हेही सांगितलं आहे: शल्य सरळ असावं, घट्ट अडकलेलं नसावं, त्याला कान, म्हणजे अडकणारे काटे, नसावेत, जखमेचं तोंड अरुंद नसावं. लिहिणाऱ्याने हात घालून काम केलेलं आहे, हे लगेच कळतं.

आता दोन दगड दूरच्या वस्तूशी संधान बांधतात हे डोळ्यांसमोर दिसत असेल, तर तिसरा का नसावा? आर्यभटाने सुमारे 499 मध्ये जुनी धारणा थोडक्यात बांधून ठेवली: चंद्र पाण्याचा, सूर्य अग्नीचा. सूर्यासमोर धरलेला मणी अग्नी देतो, मग चंद्रासमोर धरलेला मणी पाणी देणार. आजच्या भाषेत हे गृहीतक झालं, आणि चांगलं गृहीतक झालं. त्याला खीळ बसण्यासारखं ज्ञानही तेव्हा हाताशी होतं. चंद्र स्वतः प्रकाशत नाही, आरशावरून घरात कवडसा पडावा तसे सूर्याचेच किरण त्याच्यावरून येतात, हे त्याच वराहमिहिराने लिहून ठेवलंय. म्हणजे चांदणं हे मंद ऊनच. पण पौर्णिमेचा चंद्र सूर्याहून सुमारे चार लाख पटींनी फिका, त्यामुळे भिंगाने चांदणं कितीही गोळा केलं तरी शेण पेटणार नाही. हात पोळत नाही, गारवा जाणवतो, तेव्हा चंद्राला पाण्याचं मानणंच सोपं गेलं. सुश्रुताने तर चंद्रकांताच्या पाण्याचे गुणही दिले: थंड, निर्मळ, पित्त आणि दाह शमवणारं. अनुभवातून आलेला अयस्कांत आणि तर्कातून आलेला चंद्रकांत एकाच संहितेत राहतात.

कवींना तो मिळाला आणि मग सुटलाच नाही. भवभूतीकडे तो चंद्र उगवताच द्रवतो. ज्ञानेश्वरीच्या पहिल्याच अध्यायात अर्जुनाचं मन करुणेने विरघळतं, तिथे सोमकांत हजर आहे. कालिदासाच्या मेघदूतातला उल्लेख मात्र मला सर्वांत मोलाचा वाटतो. अलकानगरीत दोऱ्यांना टांगलेले चंद्रकांत मध्यरात्री थेंब गाळतात, आणि यक्ष मेघाला सांगतो की हे तू बाजूला झाल्यावर, चंद्र मोकळा झाल्यावरच घडतं.

ढग नसावेत, ही अट लंडनच्या एका डॉक्टरने 1814 मध्ये उलगडली. विल्यम चार्ल्स वेल्स रात्री उघड्यावर लोकरीचे पुंजके ठेवायचा आणि दव किती साठलं ते वजन करून बघायचा. निरभ्र रात्री वस्तू आपली उष्णता आकाशाकडे सोडतात, हवेहून गार होतात आणि हवेतली वाफ त्यांच्यावर दव होऊन बसते. ढग आले की ही उष्णता अडते. चंद्र लख्ख दिसतो तेव्हा आकाश निरभ्र असतं, एवढाच चंद्राचा यात हात. गच्चीवर ठेवलेला गुळगुळीत दगड कोजागरीच्या रात्री ओला होतो तो असा. वेल्सने काही पुंजके फळीखाली ठेवले, तिथे दव फारच कमी आलं. त्या हिशेबाने अलकेतले छताखालचे मणी कोरडेच राहिले असते. ढगाबद्दल मात्र कालिदास चुकला नाही.

आज सराफाकडे चंद्रकांत म्हणून मिळतो तो फेल्डस्पार वर्गातला मूनस्टोन. श्रीलंकेतला विशेष नावाजलेला. दोन फेल्डस्पारांचे अतिपातळ थर एकमेकांत बसलेले असतात, त्यांत प्रकाश विखुरतो आणि निळसर आभा तरंगते. दिसायला देखणा, पण पाण्याशी त्याचा काही संबंध नाही.

पाणी देणारा स्फटिक आला तो प्रयोगशाळेतून. रसायनशास्त्रज्ञ ओमर याघी अम्मानमध्ये निर्वासित कुटुंबात वाढले, तिथे नळाला पाणी मोजकेच तास यायचं. धातू आणि सेंद्रिय रेणू जोडून त्यांनी आतून पोकळ्यांनी भरलेले स्फटिक घडवले. या कामासाठी त्यांना सुसुमु कितागावा आणि रिचर्ड रॉबसन यांच्यासह 2025 चं रसायनशास्त्राचं नोबेल मिळालं. यातल्या झिर्कोनियमच्या एका स्फटिकाची क्षमता 2017 मध्ये मांडली गेली: फक्त 20 टक्के आर्द्रतेच्या हवेतून, किलोमागे दिवसाला 2.8 लिटर पाणी. हा स्फटिक रात्रीच्या गार हवेतली वाफ पोकळ्यांत धरून ठेवतो. ती सोडायला मात्र त्याला चांदणं पुरत नाही. सकाळी ऊन लागून तो तापला, की वाफ बाहेर पडते आणि थंड पृष्ठभागावर तिचं पाणी होतं.