मीठ, पाणी आणि पुरावा

क्राकूव हे पोलंडच्या दक्षिण भागातील जुने राजधानीचे शहर. तेथून सकाळी प्रवाशांना घेऊन छोट्या बसगाड्या सहलीला निघतात. त्यांपैकी अनेकांच्या फलकावर दोन नावे असतात. पहिले ऑश्वित्झ, शहराच्या पश्चिमेला साधारण ६५ किलोमीटरवरची नाझींची मृत्युछावणी. दुसरे व्येलिच्का, आग्नेयेला जेमतेम १५ किलोमीटरवरची मिठाची खाण. सकाळी एक, दुपारी दुसरे आणि रात्रीच्या जेवणाला परत. तिकीट एकच.

जेथे अकरा लाख माणसे मारली गेली ती जागा पाहून लगेच दुपारी मिठाची झुंबरे पाहायला जायचे, हे अनेकांना खटकते. मलाही खटकते. परंतु शिक्षकाच्या नजरेने पाहिले तर या जोडीला एक अर्थ आहे, आणि तो सहल काढणाऱ्यांच्या मनातही नसेल. दोन्ही ठिकाणी इतिहासाचा महत्त्वाचा पुरावा जमिनीच्या पोटात आहे. दोन्ही ठिकाणी त्याचा शत्रू पाणी हाच आहे. आणि दोन्ही ठिकाणी मार्गदर्शकाने काहीही सांगितले की चौकस विद्यार्थ्याच्या मनात एकच प्रश्न उठला पाहिजे : हे कशावरून?

ऑश्वित्झ हे जर्मनांनी दिलेले नाव; गावाचे पोलिश नाव ओश्व्येंचिम. १४ जून १९४० रोजी ७२८ पोलिश राजकीय कैद्यांची पहिली मोठी तुकडी येथे आली. तेव्हा ही छावणी म्हणजे लष्करी बराकींचा विटांचा जुना समूह होता. त्यातील अकरा क्रमांकाच्या इमारतीला तळघर आहे. सप्टेंबर १९४१ मध्ये याच तळघरात सुमारे ६०० सोव्हिएत युद्धकैदी आणि २५० आजारी कैदी कोंडून विषारी वायूने मारण्यात आले. तो वायू हायड्रोजन सायनाइड. त्याचा उत्कलनबिंदू सुमारे २६ अंश सेल्सिअस. सच्छिद्र पदार्थाच्या खड्यांत शोषून डबाबंद केलेल्या या द्रव्याला झायक्लॉन-बी म्हणत, आणि ते मुळात गोदामांतील कीड व कपड्यांतील उवा मारण्यासाठी विकले जाई. ज्या संशोधनातून हे कीटकनाशक पुढे आले ते १९२०च्या सुमारास फ्रिट्झ हाबर यांच्या संस्थेत झाले होते. हवेतील नायट्रोजनपासून अमोनिया बनवणारे हाबर आपण अकरावीच्या पुस्तकात शिकवतो ते हेच. ते जन्माने ज्यू होते. १९३३ साली त्यांना जर्मनी सोडावी लागली आणि १९३४ मध्ये ते वारले. त्यांच्या कीटकनाशकाचे पुढे काय झाले ते पाहायला ते उरले नाहीत. अमोनियाचे समीकरण फळ्यावर लिहिताना ही दोन वाक्येही सांगावीत, असे मला वाटते.

मुख्य छावणीपासून तीन किलोमीटरवर बिर्केनाऊ आहे. सोवा आणि व्हिस्तुला या नद्यांच्या संगमाजवळची ही दलदलीची जमीन. येथे चार मोठी दहनगृहे होती. त्यांपैकी दोघांची विषारी वायूची दालने जमिनीखाली होती. सोव्हिएत सैन्य जवळ आले तेव्हा, जानेवारी १९४५ मध्ये, नाझींनी ती सुरुंगाने उडवली आणि बरीचशी कागदपत्रे जाळली. २७ जानेवारीला सैन्य पोहोचले तेव्हा तेथे सुमारे ७,००० कैदी जिवंत होते. आज प्रवाशाला दिसतात ती कोसळलेली काँक्रीटची छपरे. मग अकरा लाख हा आकडा आला कोठून?

१९४५ मध्ये सोव्हिएत आयोगाने मृतांचा आकडा ४० लाख सांगितला. तो मुख्यतः भट्ट्यांच्या क्षमतेवरून काढला होता. वर्गखोलीचे क्षेत्रफळ मोजून शाळेची पटसंख्या ठरवावी तसाच हा प्रकार. पुढे तेथील संग्रहालयाचे इतिहासकार फ्रान्चिशेक पिपर यांनी हजेरीपट शोधण्याचा मार्ग धरला. छावणीचे कागद जळले असले तरी गाड्या जेथून सुटल्या तेथील नोंदी उरल्या होत्या. हंगेरीतून सुमारे ४ लाख ३० हजार ज्यू, पोलंडमधून ३ लाख, फ्रान्समधून ६९ हजार, नेदरलँड्समधून ६० हजार, ग्रीसमधून ५५ हजार... अशी देशोदेशीची बेरीज करून, त्यात ज्यूंखेरीज इतर कैदी मिळवून, एकूण सुमारे १३ लाख माणसे येथे आणली गेली असे दिसले. दुसऱ्या छावण्यांत हलवलेले, सुटलेले, पळालेले आणि मुक्तीच्या वेळी जिवंत असलेले मिळून सुमारे दोन लाख. उरले ते ११ लाख. त्यांतले जवळजवळ दहा लाख ज्यू. पिपर हा आकडा किमान मानतात. चाळीस लाखांचा उल्लेख असलेले जुने शिलालेख १९९० मध्ये काढण्यात आले.

काही लोक या दुरुस्तीचा उलटा फायदा घेतात. 'आकडा बदलला, म्हणजे सारेच खोटे,' असे म्हणतात. असा विद्यार्थी वर्गात भेटला तर त्याला वजाबाकी करायला बसवावे. पहिला आकडा अंदाज होता, दुसरा मोजणी आहे. आणि ज्यांनी तो खाली आणला ते याच स्मारकाचे अभ्यासक होते.

मोजणीखेरीज रसायनशास्त्राचाही पुरावा आहे. छावणीत सुमारे सात टन मानवी केस सापडले. ते स्त्रियांचे होते आणि कापड उद्योगाला विकण्यासाठी बांधून ठेवलेले होते. न्यायाधीश यान सेन यांच्या देखरेखीखाली क्राकूवच्या न्यायवैद्यक संस्थेने १९४५ मध्ये या केसांची आणि दहनगृहाच्या वायुवीजनाच्या जस्ती झाकणांची तपासणी केली. दोन्हींत सायनाइडची संयुगे आढळली.

सर्वांत विलक्षण पुरावा मात्र मातीत पुरलेला होता. मृतदेह जाळण्याचे काम ज्या कैद्यांवर लादले होते त्यांना ठाऊक होते की आपणही मारले जाणार. त्यांच्यापैकी काहींनी पाहिले ते लिहून दहनगृहांच्या आवारात गाडून ठेवले. पोलिश ज्यू झाल्मेन ग्राडोव्स्की यांचे लिखाण १९४५ मध्येच सापडले. ते स्वतः ७ ऑक्टोबर १९४४ रोजी या कैद्यांनी केलेल्या उठावात मारले गेले. सालोनिकाचे मार्सेल नाद्जारी यांनी ग्रीक भाषेत लिहिलेली पाने थर्मासच्या बाटलीत घालून पुरली. ती १९८० मध्ये एका विद्यार्थ्याला जागा साफ करताना मिळाली. पस्तीस वर्षे ओलाव्यात राहिलेल्या त्या कागदांवरचा जेमतेम दहावा भाग वाचता येत होता. पुढे पानांची छायाचित्रे काढून, त्यांतील लाल, हिरवा आणि निळा प्रकाश संगणकावर वेगवेगळा करून पाहिल्यावर, पुसट शाई वर उठून दिसू लागली. २०१७ पर्यंत बहुतेक मजकूर वाचून झाला. नाद्जारी छावणीतून वाचले होते आणि १९७१ मध्ये न्यूयॉर्कला वारले. आपली बाटली सापडल्याचे त्यांना कधीच कळले नाही.

येथून बस व्येलिच्काकडे निघते. गाडीत सहसा कोणी बोलत नाही.

आपल्याकडे पावसाळ्यात मिठाच्या बरणीला पाणी सुटते. कोकणातल्या घरात तर हे दर आषाढात घडते. हवेची सापेक्ष आर्द्रता ७५ टक्क्यांच्या वर गेली की मीठ हवेतील बाष्प ओढून घेते आणि स्वतःच त्यात विरघळू लागते. व्येलिच्काच्या खाणीचे सारे भवितव्य या एका आकड्यावर टांगलेले आहे.

सुमारे १ कोटी ३५ लाख वर्षांपूर्वी या भागात समुद्र होता. तो आटून मिठाचे थर बसले आणि कार्पेथियन पर्वतरांग उत्तरेकडे सरकत आली तेव्हा ते थर चुरगळले गेले. खाऱ्या झऱ्यांचे पाणी आटवून मीठ काढण्याचा उद्योग येथे नवाश्मयुगापासून चालू होता. तेराव्या शतकात खडकमिठाची खाण सुरू झाली. चौदाव्या शतकात राजाच्या खजिन्यातला जवळजवळ तिसरा हिस्सा मिठातून येई. १३६४ मध्ये स्थापन झालेल्या क्राकूव विद्यापीठातील प्राध्यापकांचे पगारही याच उत्पन्नातून ठरवून दिले होते. पुढे याच विद्यापीठात कोपर्निकस शिकला.

खाण ३२७ मीटर खोल, नऊ मजल्यांची आहे. बोगद्यांची लांबी २४५ किलोमीटरांच्या आसपास जाते; प्रवाशांना त्यांतले तीन-साडेतीन किलोमीटर दाखवतात. उतरण्याच्या लाकडी पायऱ्याच सुरुवातीला ३८० आहेत. खाली आधाराला सगळीकडे लाकडी ओंडके दिसतात. लोखंड मिठाने खाल्ले असते. लाकूड मात्र खारवलेल्या कैरीसारखे टिकते. मीठ वर ओढण्यासाठी मोठे रहाट होते आणि ते घोडे फिरवत, आपल्याकडे घाण्याला बैल फिरतो तसे. हे घोडे वर्षानुवर्षे जमिनीखालीच राहत. शेवटची घोडी २००२ मध्ये वर आणली. मिथेन वायू हवेपेक्षा हलका असल्याने छताशी साठतो, म्हणून काही कामगार ओल्या कपड्यांत जमिनीलगत सरपटत, लांब काठीवरच्या पलित्याने तो थोडा थोडा जाळून टाकत. वर्गात मिथेनची घनता शिकवताना यापेक्षा चांगले उदाहरण मला सुचलेले नाही.

१०१ मीटर खोलीवर संत किंगाचे प्रार्थनामंदिर आहे. १८९६ पासून तीन खाणकामगारांनी, दोन मार्कोव्स्की बंधू आणि अन्तोनी व्हिरोदेक यांनी, सुमारे सत्तर वर्षे ते कोरले. भिंती, मूर्ती, जमीन सारे मिठाचे. झुंबरांचे लोलकही मिठाचे स्फटिक आहेत.

युनेस्कोने १९७८ मध्ये जागतिक वारशाची पहिली बारा स्थळे जाहीर केली त्यांत ही खाण होती. १९७९ मध्ये ऑश्वित्झचे नाव आले. पण १९८९ मध्ये व्येलिच्काची नोंद 'धोक्यातील' यादीत झाली. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून यंत्राने आत सोडलेली बाहेरची दमट हवा मूर्तींची नाके-बोटे झिजवत होती. आत येणारी हवा कोरडी करणारी यंत्रणा बसल्यावर १९९८ मध्ये नाव त्या यादीतून निघाले. मधल्या काळात, एप्रिल १९९२ मध्ये, चौथ्या मजल्यावरच्या एका बोगद्यात पाणी आणि वाळू घुसली आणि वरची जमीन खचून रेल्वेमार्ग व जवळचा मठ यांना इजा झाली. १९९६ मध्ये मीठ काढणे थांबले. गळतीचे खारे पाणी उपसणे मात्र थांबवता येत नाही.

मार्गदर्शक घाईत असला तर एक गोष्ट राहून जाते. ती मुद्दाम विचारावी. १९४४ मध्ये बॉम्बपासून सुरक्षित जागा म्हणून जर्मनांनी या खाणीत शस्त्रास्त्रांचा कारखाना मांडायला घेतला. त्यासाठी प्वाशूव आणि म्येलेत्स येथील छावण्यांतून हजारो ज्यू कैदी आणले. सोव्हिएत सैन्य जवळ आल्याने उत्पादन सुरूच झाले नाही. कैद्यांना पुढच्या छावण्यांत हलवले. व्येलिच्का गावातले ज्यू तर त्याआधीच, ऑगस्ट १९४२ मध्ये, बेल्झेत्सच्या मृत्युछावणीकडे पाठवले गेले होते. सकाळचे ठिकाण आणि दुपारचे ठिकाण हे असे एकाच इतिहासाचे भाग आहेत.

ऑश्वित्झमध्ये जतनाचा नियम असा की पडलेले पुन्हा उभारायचे नाही. जसे आहे तसे धरून ठेवायचे. बिर्केनाऊच्या विटांच्या बराकी दलदलीवर नीट पाया न घालता बांधल्या होत्या. त्यांच्या भिंती कलतात. केसांवर मात्र कोणतीही प्रक्रिया करत नाहीत. ते मानवी अवशेष आहेत, वस्तू नव्हेत. ते हळूहळू धूळ होणार, हे संग्रहालयाने मान्य केले आहे. चौदा वर्षांखालील मुलांना येथे आणू नये, अशीही संग्रहालयाची सूचना आहे.

आपल्यापैकी फार थोड्यांना पोलंडला जाता येईल. कोल्हापूरच्या शिक्षकांना मात्र या इतिहासाच्या एका शेजारच्या प्रकरणाची सहल सायकलवरूनही काढता येते. शहराजवळ वळिवडे येथे १९४३ ते १९४८ या काळात सुमारे पाच हजार पोलिश निर्वासित राहत होते, बहुतांश स्त्रिया आणि मुले. ते नाझी छावण्यांतून आलेले होते असे पुष्कळदा सांगितले जाते. ते चूक आहे. १९४०-४१ मध्ये सोव्हिएत राजवटीने पूर्व पोलंडमधून सैबेरिया आणि मध्य आशियात हद्दपार केलेल्यांपैकी ते होते, आणि इराणमार्गे येथे पोहोचले. महावीर उद्यानात त्यांचा स्मृतिस्तंभ आहे. वळिवड्याच्या त्या छावणीच्या जागी फाळणीनंतर सिंधी निर्वासित आले. आज तिला गांधीनगर म्हणतात, आणि तेथे कापडाची मोठी बाजारपेठ आहे.