रिकाम्या खेपांचा हिशेब

गेल्या वर्षी एका माध्यमिक शाळेत संभाव्यतेवर बोलायला गेलो होतो. नाणेफेकीचे नेहमीचे उदाहरण घेतले. ओळीने सात वेळा काटा पडला, तर आठव्या खेपेला छापा पडण्याची शक्यता किती? वर्गातून अपेक्षेप्रमाणे ‘जास्त’ असे उत्तर आले आणि मीही अपेक्षेप्रमाणे ते खोडून काढले. नाण्याला आठवण नसते. माझे रोजचे काम किरणोत्सारी विघटनाची मोजणी करण्याचे आहे, त्यामुळे अणूचा दाखलाही दिला. हजार वर्षे न फुटलेला अणू आणि काल तयार झालेला त्याच मूलद्रव्याचा तसाच अणू, दोघांची पुढच्या मिनिटात फुटण्याची शक्यता अगदी सारखी असते.

मागच्या बाकावरचा नववीतला एक मुलगा उठला. “सर, माझ्या गेममध्ये तसं नसतं. ऐंशी वेळा काही मिळालं नाही ना, की नव्वदच्या आत मिळतंच. मी मोजतो.” वर्ग हसला. मीही हसलो, आणि ते चुकले. घरी येऊन शोधाशोध केली तेव्हा समजले की तो सांगत होता ते अक्षरशः खरे आहे. त्याच्या खेळातले नाणे मागचे सगळे लक्षात ठेवते. ते तसे कोणी केले आणि का केले, याचा माग काढताना जे हाती लागले ते येथे मांडत आहे.

संगणकीय खेळात राक्षस मारला किंवा पेटी उघडली की काहीतरी पडते: तलवार, औषध, नाणी, बहुतेकदा काहीच कामाचे नसलेले. मुले याला ‘ड्रॉप’ म्हणतात. काय पडावे आणि किती वेळा पडावे हे खेळ बनवणारा ठरवतो. मात्र वाट पाहायला लावणारे बक्षीस ही गोष्ट संगणकाहून जुनी आहे.

१९३० नंतरच्या काही वर्षांत अमेरिकेतील हार्वर्ड विद्यापीठात बी. एफ. स्किनर हे तरुण मानसशास्त्रज्ञ उंदरांवर प्रयोग करीत होते. पेटीतली दांडी उंदराने दाबली की अन्नाची एक गोळी पडे. औषधविक्रेते वापरत त्या प्रकारच्या यंत्रावर या गोळ्या स्किनर स्वतः वळीत. आठ उंदीर आणि प्रत्येकी दिवसाला सुमारे शंभर गोळ्या. एका शनिवारी दुपारी त्यांच्या ध्यानात आले की उरलेला दिवस यंत्रापाशी घालवला नाही, तर सोमवार सकाळपर्यंत साठा संपणार. तेव्हा त्यांनी स्वतःला विचारले, प्रत्येक दाबाला गोळी द्यायलाच हवी का? मिनिटाला एकच द्यायची असे त्यांनी ठरवले. उंदीर दांडी दाबतच राहिले. हा किस्सा स्किनर यांनीच १९५६ साली लिहिला आहे. (प्रयोगशाळेत काम करणाऱ्या कोणालाही तो खोटा वाटणार नाही. कंटाळ्यातून निघालेल्या शोधांची यादी मोठी आहे.)

पुढे चार्ल्स फर्स्टर यांच्याबरोबर त्यांनी कबुतरांवर बक्षिसाची अनेक वेळापत्रके तपासली आणि १९५७ मध्ये त्यावर मोठा ग्रंथ काढला. ठरावीक पन्नास टोचांनंतर दाणा मिळत असेल, तर कबूतर दाणा खाऊन जरा थांबते. पण सरासरी पन्नासच टोचा ठेवून नेमका आकडा दर वेळी बदलता ठेवला, कधी पाच, कधी शंभर, तर ते थांबतच नाही. दाणे बंद केल्यावरही बराच काळ टोचत राहते. जुगाराच्या यंत्रापुढे बसलेला माणूस याच नियमाने वागतो, हे स्किनर यांनी तेव्हाच नोंदवले होते.

येथून सरळ रेघ ओढून ‘स्किनर वाचून खेळ बनवले गेले’ असे पुष्कळदा सांगितले जाते. इतिहास तसा नाही. सुरुवातीच्या खेळकर्त्यांपुढे होते ते फासे. १९७४ मध्ये अमेरिकेत ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ हा टेबलाभोवती बसून खेळायचा खेळ निघाला. त्यात खजिन्याचे तक्ते होते: अमुक राक्षसापाशी इतके टक्के शक्यतेने सोने, इतके टक्के शक्यतेने जादूची वस्तू. फासा टाकायचा आणि तक्ता पाहायचा. संगणकावरचे कर्ते हेच करू लागले. कबुतरांचे निष्कर्ष खेळकर्त्यांच्या भाषेत उघडपणे मांडणारा जॉन हॉपसन यांचा गाजलेला लेख २००१ चा आहे.

फाशाची खरी अडचण पहिल्यांदा स्पष्ट दिसते ती ‘रोग’ या खेळात. मायकेल टॉय आणि ग्लेन विचमन या कॅलिफोर्नियातील विद्यार्थ्यांनी तो १९८० च्या सुमारास लिहिला. पुढे केन आर्नल्ड त्यांना येऊन मिळाले. पडद्यावर चित्रे नव्हती, इंग्रजी मुळाक्षरांचेच राक्षस होते. जमिनीखालचे मजले दर डावाला नव्याने तयार होत आणि तिथल्या वस्तूही संगणक नव्याने विखरून टाकी. या खेळात भूक होती. अन्न मिळाले नाही तर खेळाडू मरे.

आता विचार करा. वस्तू निव्वळ फाशावर सोडल्या, तर कधीतरी असा डाव येणारच की एकामागून एक मजले अन्नच नाही. खेळाडूने काहीही चूक केलेली नसताना तो उपाशी मरणार. गणिताच्या दृष्टीने यात गैर काही नाही, यदृच्छा म्हणतात ती हीच. खेळाच्या दृष्टीने मात्र हा अन्याय आहे. खेळाच्या पुढच्या एका आवृत्तीची आज्ञावली आज कोणालाही वाचता येते. तीत एक छोटा मोजक आहे. नवा मजला तयार झाला की तो एकने वाढतो, अन्न पडले की शून्यावर येतो. तो तीनच्या पुढे गेला, की पुढची वस्तू फासा न टाकता अन्नच ठेवली जाते. म्हणजे तीन मजले कोरडे गेले तर चौथ्यावर सोय केलेली.

एका ओळीचे काम आहे, पण नाण्याला आठवण देण्याची ही स्वच्छ तऱ्हा आहे. त्यामागे दयेखेरीज काही हेतू दिसत नाही. या खेळात विकायला काहीच नव्हते.

या वंशातला ‘डायब्लो’ १९९६ च्या अखेरीस आला आणि वस्तू पडणे हाच खेळाचा गाभा झाला. राक्षस मारा, काय पडले पाहा, पुन्हा मारा. त्याचा तिसरा भाग मे २०१२ मध्ये निघाला तेव्हा कंपनीने खेळातच लिलावघर काढले. मिळालेल्या वस्तू खेळाडूंनी एकमेकांना विकायच्या, खेळातल्या सोन्यावर आणि काही दिवसांनी खऱ्या पैशांवरही. कागदावर कल्पना निर्दोष होती. नको असलेली वस्तू वाया जात नाही, हवी असलेली मिळते.

प्रत्यक्षात उलटे झाले. लाखो खेळाडूंना मिळालेल्या वस्तूंतली निवडक एका बाजारात आल्यावर, एकट्याच्या वाट्याला पडणारी वस्तू त्यांच्यापुढे जवळजवळ नेहमीच फिकी. त्यात खेळाडूंचे पाच वर्ग होते आणि वस्तू वर्ग पाहून पडत नसे, म्हणजे संन्याशाला रानटी योद्ध्याची कुऱ्हाड. राक्षस मारण्यापेक्षा बाजार धुंडाळणे फायद्याचे ठरले. अखेर फेब्रुवारी २०१४ मध्ये वस्तू पडण्याचे नियम मुळापासून बदलण्यात आले: कमी वस्तू, पण चांगल्या, आणि बहुतेक ज्याच्या त्याच्या उपयोगाच्या. १८ मार्च २०१४ रोजी लिलावघर बंद झाले. कंपनीने स्वतःचे चालते दुकान मोडले, हे मला या इतिहासातले दुर्मीळ पान वाटते.

जपानमध्ये गोष्टी वेगळ्या वळणाने गेल्या. तिथे नाणे टाकून कळ फिरवली की बंद डबीत खेळणे देणारी यंत्रे असतात, त्यांच्या आवाजावरून ‘गाचा’ हा शब्द आला. मोबाइलवरच्या खेळांनी हीच यंत्रे पडद्यावर आणली आणि पुढे ‘संच पूर्ण करा’ हा प्रकार काढला. पैसे देऊन चिठ्ठ्या काढायच्या. ठरावीक चित्रांचा संच पुरा झाला की मोठे बक्षीस.

बबलगमबरोबर क्रिकेटपटूंची चित्रे जमवलेल्या शिक्षकांना यातली मेख लगेच कळेल. सहा चित्रे समान शक्यतेची असोत. पहिले नवे चित्र एका खेपेत मिळते. दुसऱ्यासाठी सरासरी ६/५ खेपा, मग ६/४, असे करत शेवटच्या एका चित्रासाठी ६. बेरीज १४.७. पाच चित्रे जमेपर्यंत सरासरी ८.७ खेपा पुरल्या आणि एकट्या सहाव्याने ६ खाल्ल्या. एक चित्र मुद्दाम दुर्मीळ केले, समजा पाच टक्के शक्यतेचे, तर त्याच्यासाठीच सरासरी वीस खेपा लागतात. ‘एकच तर राहिले आहे’ असे वाटते ते नेमके सर्वांत महाग टप्प्यावर. जपानच्या ग्राहक व्यवहार संस्थेने मे २०१२ मध्ये हा प्रकार बेकायदा असल्याचे स्पष्ट केले. त्यासाठी नवा कायदा करावा लागला नाही. चित्रे जुळवून बक्षीस देण्यावर तिथे कित्येक दशकांपासून बंदी होतीच.

साध्या गाचावर बंदी आली नाही. तो जगभर पसरला आणि तिथे ‘रोग’मधला मोजक पुन्हा भेटतो, निराळ्या नोकरीत. २०२० साली आलेल्या ‘गेनशिन इम्पॅक्ट’ या चिनी खेळात सर्वोच्च दर्जाचे बक्षीस मिळण्याची शक्यता एका खेपेला ०.६ टक्का आहे. निव्वळ फासा असता तर नव्वद खेपांनंतरही शंभरातले ५८ जण रिकामे राहिले असते (०.९९४ चा नव्वदावा घात काढून पाहावा), आणि त्यातले बरेच खेळ सोडून गेले असते. म्हणून नव्वदाव्या खेपेला हमी. खेळाडू याला ‘पिटी’ म्हणजे दया म्हणतात. आपापल्या खेपांच्या नोंदी एकत्र करून त्यांनी असेही दाखवले आहे की पंचाहत्तरीच्या आसपास शक्यता एकदम चढू लागते. मागच्या बाकावरचा मुलगा हेच सांगत होता. नाण्याच्या बाबतीत जो भ्रम, तो त्याच्या खेळात नियम आहे. आणि ऐंशीवर पोचलेला खेळाडू आता थांबणे कठीण, हेही त्याच नियमातून येते. उपाशी मरणाऱ्याला वाचवणारा मोजक इथे दुकानाच्या दारात उभा आहे.

तो काय मोजतो हे बाहेरच्याला कसे कळावे? चीनने १ मे २०१७ पासून शक्यता जाहीर करणे सक्तीचे केले. ते का लागते, याचे उदाहरण दक्षिण कोरियात घडले. ‘मेपलस्टोरी’ या खेळात २०१० साली ‘क्यूब’ नावाची विकत घ्यायची वस्तू आली. ती वापरली की हत्याराचे गुण यदृच्छया बदलत. त्या गुणांच्या शक्यता कंपनीने न सांगता बदलल्या. २०११ पासून तर खेळाडूंना सर्वांत हवे असलेले काही संयोग पडतच नव्हते. शक्यता शून्य. लोक पैसे भरत राहिले. फेब्रुवारी २०२१ मध्ये खेळातल्या दुसऱ्या एका वस्तूबद्दल सूचना निघाली की यापुढे सर्व गुण ‘समान’ शक्यतेने मिळतील. त्या एका शब्दावर खेळाडूंनी बोट ठेवले: म्हणजे आजवर समान नव्हते? आरडाओरड झाली, आकडे बाहेर आले. जानेवारी २०२४ मध्ये तिथल्या व्यापार आयोगाने कंपनीला सुमारे १,१६० कोटी वॉन दंड केला आणि मार्चपासून शक्यता जाहीर करणे कायद्याने बंधनकारक झाले.

मी त्या शाळेत पुन्हा गेलो. या वेळी नाणे नेले नाही, लुडोचे फासे नेले. सहाचे दान पडेपर्यंत किती खेपा लागतात ते लिहायचे आणि शंभर नोंदी करायच्या. एका गटाला साधा फासा. दुसऱ्याला नियम असा की नऊ खेपा रिकाम्या गेल्या तर दहावी आपोआप सहा धरायची. पहिल्याची सरासरी सहाच्या आसपास यायला हवी, दुसऱ्याची पाचच्या. सरासरीवरून फरक सहज दिसत नाही, शंभर नोंदींत ती एवढी हलू शकते. मग दोन्ही वह्यांवरची नावे झाकून फळ्यापाशी ठेवल्या आणि विचारले, दया कोणत्या वहीत आहे?

साध्या फाशाच्या शंभर नोंदींत सरासरी सोळा तरी दहाच्या पुढे जातात. त्या मुलाने पाने उलटली, एका वहीतल्या अकरा, चौदा आणि तेवीस या आकड्यांवर बोट ठेवले आणि दुसरी वही माझ्या हातात दिली.