दिनविशेष : २४ ऑक्टोबर – ससून डॉक उभारणारे अल्बर्ट ससून

१८९६ : मुंबईचे व्यापारी आणि दानशूर सर अल्बर्ट अब्दुल्ला डेव्हिड ससून यांचे इंग्लंडमधील ब्रायटन येथे निधन. जन्म २५ जुलै १८१८, बगदाद.

वडील डेव्हिड ससून यांनी मुंबईत थाटलेल्या घरच्या पेढीची सूत्रे १८६४ मध्ये अल्बर्ट यांच्या हाती आली. अफू आणि कापसाच्या व्यापारात मिळालेला पैसा पेढीने पुढे गिरण्यांत व जागांत घातला. कुलाब्याला समुद्रात भर घालून १८७५ मध्ये उभा राहिलेला ससून डॉक ही पश्चिम भारतातील पहिली अशी गोदी, जिथे ओहोटी लागली तरी बोटी पाण्यावर राहत. १८७९ मध्ये पोर्ट ट्रस्टने ती विकत घेतली. आज भल्या पहाटे तिथे मासळीचा लिलाव रंगतो. पाट्या, बर्फ आणि कोळणींच्या हाकांनी धक्का गजबजतो.

अल्बर्ट यांचे आजोबा शेख ससून बिन सालेह हे बगदादच्या ज्यू समाजाचे प्रमुख आणि पाशांचे खजिनदार होते. ‘आनंद’ अशा अर्थाचे त्यांचे हिब्रू नावच घराण्याचे आडनाव झाले. कोकणातील बेने इस्रायली ज्यूंनी मात्र गावावरून आडनावे घेतली : नागावचे नागावकर, पेणचे पेणकर.

‘काळा घोडा’ म्हणून ओळखला जाणारा प्रिन्स ऑफ वेल्सचा अश्वारूढ पुतळा ही अल्बर्ट यांचीच देणगी. १९६५ मध्ये तो हलवला. सध्या तो भायखळ्याच्या राणीच्या बागेत आहे.